टीव्हीतलं मिरज आणि आईचं मिरज



हा विषय बरेच दिवस डोक्यात घोळत होता. राजकारणाचा नुसता वास आला तरी आपल्यात भांडणं लागतात, म्हणून टाळत होतो. पण हे कुठल्या पक्षाबद्दल नाही. आपण परदेशात बसून घरच्या दंगली, हल्ले, संचारबंदी टीव्हीवर बघतो, त्यात आपलं काय होतं याबद्दल आहे. थोडं लांबलंय, चहा घेऊन बसा.

सुरुवात ८ मे २०२५ च्या रात्रीपासून करतो. दुबईत आमच्याच इमारतीत, दोन मजले खाली, कराचीचे एक गृहस्थ राहतात. एकाच कंपनीत आम्ही चौदा वर्षं काढली. ऑफिसात सगळे त्यांना भाईजान म्हणतात, म्हणून मीही म्हणतो. आमच्यात न बोलता ठरलेला एक नियम आहे: क्रिकेटवर हवं तेवढं बोलायचं, काश्मीरवर अजिबात नाही.

पहलगामला २६ माणसं मारली गेली होती, त्यानंतर ऑपरेशन सिंदूर सुरू झालं होतं, आणि मी जेवण उरकून हिंदी न्यूज चॅनेल लावून बसलो होतो. स्टुडिओत सायरन वाजत होता. पडद्यावर लाल नकाशा, त्यावर स्फोटांची चित्रं, आणि खाली मोठ्या अक्षरांत: कराची बंदर उद्ध्वस्त. एक चॅनेल बदललं तर दुसऱ्यावर त्याहून मोठी बातमी. खोटं कशाला बोलू, पहलगामची चीड मनात होती, आणि पहिली पाच-दहा मिनिटं मला बरं वाटलं.

मग कचऱ्याची पिशवी टाकायला खाली गेलो तर लिफ्टपाशी भाईजान उभे. चेहरा पांढराफटक. त्यांची बहीण कराचीत किमारीला राहते, म्हणजे बंदराला अगदी लागून. त्यांनी व्हिडिओ कॉल लावलेला होता. मला बघून त्यांनी फोन लपवला नाही, उलट पुढे धरला. बाई खिडकीशी उभ्या होत्या. बाहेर अंधार, खालून एक रिक्षा गेली, लांब कुठेतरी कुत्रं भुंकलं. बाई म्हणाल्या, "यहाँ तो कुछ नहीं हुआ, भाई. आप सो जाइए."

कराचीच्या बंदरावर त्या रात्री तसा हल्ला झालाच नव्हता. ११ मे च्या पत्रकार परिषदेत आपल्याच नौदलाच्या अधिकाऱ्यांनी सांगितलं, की कराचीसह ठरवलेल्या लक्ष्यांवर मारा करायला नौदल पूर्ण तयारीत होतं. तयारीत होतं, म्हणजे मारा केलेला नव्हता. चॅनेलांनी मात्र तीन दिवस आधीच बंदर बुडवून टाकलं होतं. त्या दिवसांत गाझाची जुनी दृश्यं आणि व्हिडिओ गेममधले तुकडेसुद्धा आजचं युद्ध म्हणून फिरले. तिकडचीही मंडळी काही मागे नव्हती, भाईजाननीच मला नंतर त्यांच्याकडचे नमुने दाखवले.

पण मला त्या रात्री झोप लागली नाही, ती वेगळ्याच कारणाने. "इथे काही झालं नाही, तू झोप," हे वाक्य मी सोळा वर्षांपूर्वी जसंच्या तसं ऐकलं होतं. आईच्या तोंडून, मिरजेहून.

सप्टेंबर २००९. गणपतीचे दिवस. मिरजेत अफजलखानाच्या वधाचं चित्र असलेल्या कमानीवरून वाद पेटला, दगडफेक झाली, संचारबंदी लागली. लोण सांगली, इचलकरंजीपर्यंत गेलं. महिनाभरावर विधानसभेच्या निवडणुका होत्या, हेही लक्षात ठेवा. आई तेव्हा घरी एकटी. बाबा दोन वर्षांपूर्वीच गेले होते, बहीण पुण्याला.

पहिली गंमत अशी (गंमत म्हणायची, दुसरा शब्द सुचत नाही) की देशपातळीवरच्या चॅनेलांवर मला मिरज सापडेचना. त्याच दिवसांत, २ सप्टेंबरला, आंध्रचे मुख्यमंत्री वाय. एस. राजशेखर रेड्डी यांचं हेलिकॉप्टर नल्लमलाच्या जंगलात बेपत्ता झालं होतं. जो तो हेलिकॉप्टर शोधत होता. खालच्या पट्टीत कधीतरी "महाराष्ट्र: मिरजेत तणाव" एवढं सरकून जायचं. तणाव म्हणजे काय? कुठल्या गल्लीत? मी त्या पट्टीकडे डोळे लावून बसायचो, तर तिच्यावर पुन्हा शेअर बाजार आलेला असायचा.

मग इंटरनेटवर मराठी बातम्या मिळाल्या. तेव्हाच्या वेगाने त्या अडखळत चालायच्या. तिथे उलटा प्रकार. जळणारी एक मोटारसायकल, पळणारी पोरं, लाठी उगारलेला एक पोलीस. दहा-बारा सेकंदांचा तुकडा. तो संपला की पुन्हा पहिल्यापासून. निवेदक बोलतायत, पाहुणे बोलतायत, आणि मागे ती मोटारसायकल जळतेच आहे. संध्याकाळपर्यंत मी ती शंभरदा तरी पाहिली असेल. माझ्या डोक्यात शंभर मोटारसायकली जळत होत्या.

आईचा फोन रात्री लागला. मी ओरडूनच विचारलं, "आई, काय चाललंय तिकडे?" ती म्हणाली, "काही नाही रे. चौकात झालं म्हणे काहीतरी. आपल्या गल्लीत काही झालं नाही, तू झोप. जेवलास का?" मी म्हटलं, "अगं, टीव्हीवर दाखवतायत." त्यावर ती म्हणाली, "मग टीव्हीलाच विचार."

दुसऱ्या दिवशी कळलं, की दूध बंद होतं आणि आमच्या समोरच्या चाचांनी, ज्यांचं सतारी-तंबोऱ्यांचं दुकान आहे, मागच्या बोळातून मुलाच्या हाती आईला दूध आणि पाव पाठवले. आईने त्या मुलाबरोबर मोदक परत पाठवले. ज्यांना मिरज ठाऊक आहे त्यांना यात नवल वाटणार नाही. मिरजेच्या सतारी देशभर जातात आणि त्या बनवणारी बहुतेक घराणी मुसलमान. मीरासाहेबांच्या दर्ग्यात उरुसाला अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मरणार्थ गाणं होतं, आणि ते ऐकायला सगळं गाव जातं.

आता नीट बघा. मोटारसायकल खोटी होती का? नाही, खरी होती. दंगलही खरी, लोकांचं नुकसानही खरं. ज्याचं दुकान फुटलं त्याच्या बाबतीत "इथे काही नाही" हे वाक्य खोटंच ठरतं. आईचं मिरज पूर्ण होतं असं माझं म्हणणं नाही. पण टीव्हीचं मिरज म्हणजे एक चौक आणि बारा सेकंद, आणि ते मला संपूर्ण गाव आणि संपूर्ण दिवस म्हणून दिलं गेलं. माझा मुद्दा एवढाच आहे. गावात राहणारा माणूस खिडकी उघडून पडताळा घेतो. आपल्याकडे ती खिडकीच नसते. त्यामुळे या प्रकारात सगळ्यात जास्त फसतो तो आपल्यासारखा लांबचा माणूस, आणि फसून गप्प बसत नाही, आणखी दहा जणांना कळवतो.

आपल्यातले काही जण म्हणतील, पूर्वी बरं होतं, एकटं दूरदर्शन होतं, भडकवणारं कोणी नव्हतं. मला हे पटत नाही. ६ डिसेंबर १९९२ ला बाबरी मशीद पाडली गेली, ती दृश्यं ज्यांच्याकडे केबल होती त्यांनी बीबीसीवर पाहिली, दूरदर्शनने दाखवली नाहीत. त्यानंतर डिसेंबर आणि जानेवारीत मुंबई पेटली. श्रीकृष्ण आयोगाच्या अहवालाप्रमाणे ९०० माणसं मेली. तेव्हा चोवीस तासांचं एकही भारतीय चॅनेल नव्हतं, पण म्हणून लोक शांत होते का? रात्री समुद्रातून शस्त्रं घेऊन माणसं उतरणार, दुधात विष घातलंय, अशा वावड्यांवर इमारतीच्या इमारती गच्चीवर जागत बसत होत्या. त्या वेळी जे मुंबईत होते त्यांना आठवेल. अधिकृत बातमी गप्प बसली की अफवेला रान मोकळं मिळतं.

दुसरी गोष्टही त्याच काळातली. भिवंडी हे दंगलींचं बदनाम गाव. १९७० ला दंगल, १९८४ ला दंगल. पण मुंबई जळत होती तेव्हा भिवंडी शांत राहिली. त्याच्या आधी काही वर्षं पोलीस अधिकारी सुरेश खोपडे यांनी तिथे मोहल्ला समित्या उभ्या केल्या होत्या. दोन्ही समाजांतली साधी माणसं आणि हवालदार एकत्र बसून गटार, नळ, पोरांची भांडणं असल्या गोष्टी बोलत. वेळ आली तेव्हा ही ओळख कामाला आली. आज आपल्याकडे चोवीस तास बातम्या देणारी शेकडो चॅनेलं आहेत. पण उद्या एखाद्या गावात अशी दंगल झाली नाही, तर ओबी व्हॅन तिथे काय दाखवायला जाईल? न झालेल्या दंगलीचं फुटेज नसतं.

२००२ च्या गुजरातमध्ये पहिल्यांदा दंगल थेट दिवाणखान्यात आली. २७ फेब्रुवारीला गोध्र्याला रेल्वेच्या डब्यात ५९ माणसं जळून मेली आणि नंतर राज्यभर हिंसाचार झाला. २००५ मध्ये सरकारने संसदेत दिलेल्या आकड्यांप्रमाणे त्यात ७९० मुसलमान आणि २५४ हिंदू मेले. त्याआधी आपल्याकडे रीत अशी होती, की दंगलीच्या बातमीत समाजाचं नाव घ्यायचं नाही. "दोन गटांत हाणामारी", "एका विशिष्ट समाजाचं प्रार्थनास्थळ". २००२ ला टीव्हीने ही रीत मोडली आणि कोण मारतंय, कोण मरतंय ते सांगितलं. त्यावर आजही वाद आहे. एका बाजूचं म्हणणं, नाव घेतल्याने आग पसरते. दुसऱ्या बाजूचं म्हणणं, कॅमेरा नसता तर हे सगळं दडपलं गेलं असतं. एडिटर्स गिल्डने बी. जी. वर्गीज, आकार पटेल आणि आपले पुण्याचे दिलीप पाडगावकर यांची समिती पाठवली. त्यांच्या अहवालात सगळ्यात कडक ताशेरे होते ते टीव्हीवर नव्हे, तर अफवांना मथळे देणाऱ्या काही गुजराती वर्तमानपत्रांवर.

म्हणजे "दाखवलं म्हणून दंगल झाली" हे सरसकट म्हणता येत नाही. दाखवावं लागतं, पण पडताळून. आणि नुसता क्षण दाखवून भागत नाही, त्याच्या आजूबाजूचंही सांगावं लागतं.

मग २६ नोव्हेंबर २००८. त्या साठ तासांबद्दल आपल्यापैकी प्रत्येकाकडे आपापली गोष्ट असेल. मी तीन दिवस ऑफिसला जाऊन काहीच काम केलं नाही. चोवीस तासांची मराठी चॅनेलं तेव्हा जेमतेम वर्ष-दीड वर्षाची होती. नरिमन हाऊसच्या गच्चीवर हेलिकॉप्टरमधून कमांडो उतरतायत हे आपण सगळ्यांनी थेट पाहिलं. आपल्याबरोबर ते आणखी कोणीतरी पाहत होतं. सीमेपलीकडे बसून अतिरेक्यांना फोनवर सूचना देणारे लोक टीव्ही बघून सूचना देत होते, हे पुढे कोर्टात ध्वनिमुद्रणासकट आलं. कसाबच्या अपिलावर २९ ऑगस्ट २०१२ ला निकाल देताना सर्वोच्च न्यायालयाने चॅनेलांना चांगलंच फैलावर घेतलं. या प्रक्षेपणामुळे जवानांचं काम अवघडच नाही, धोक्याचंही झालं, आणि अशा वेळी भाषणस्वातंत्र्याची ढाल पुढे करता येणार नाही, असं न्यायालयाचं म्हणणं होतं. शेवटी २०१५ मध्ये नियम झाला: दहशतवादविरोधी कारवाईचं थेट प्रक्षेपण बंद, फक्त नेमलेल्या अधिकाऱ्याने दिलेली माहिती दाखवायची.

पण त्याच प्रकरणात टीव्हीची उजवी बाजूही दिसली. कसाब आमचा नाहीच, असं पाकिस्तान सरकार म्हणत होतं, तेव्हा जिओ या पाकिस्तानी चॅनेलचे लोकच फरीदकोट गावात गेले आणि हा पोरगा इथलाच, हे गावकऱ्यांच्या तोंडून जगाला ऐकवलं. कॅमेरा घेऊन गावात जाण्यात आणि स्टुडिओत सायरन वाजवण्यात हा फरक आहे.

आता तुम्ही विचाराल, मग सगळे गावात का जात नाहीत? उत्तर बरंचसं पैशाचं आहे. वार्ताहर, कॅमेरामन, गाडी, मुक्काम याला खर्च येतो. आठ पाहुण्यांना आठ खिडक्यांत बसवून भांडायला लावणं फार स्वस्त पडतं. लहान गावांत चॅनेलचा पगारी माणूस नसतोच, तिथे स्ट्रिंगर असतो. त्याला महिन्याचा पगार नाही, बातमी लागली तर त्या बातमीचे पैसे. "तणाव निवळला" ही बातमी लागत नाही, "तणाव वाढला" लागते. वर टीआरपी. टॅमच्या काळात अख्ख्या देशाची आवड काही हजार घरांतल्या मीटरांवरून ठरायची. पुढे बार्क आली, मीटर वाढले, पण २०२० मध्ये त्यातही घोटाळ्याचे आरोप झाले आणि न्यूज चॅनेलांचे आकडे ऑक्टोबर २०२० पासून मार्च २०२२ पर्यंत बंदच ठेवावे लागले. त्या दीड वर्षात चॅनेलांचा आवाज कमी झाला असं काही मला जाणवलं नाही. सवय लागलेली होती, त्यांना आणि आपल्यालाही.

मग कायदा करा, असं कोणी म्हणेल. चॅनेलांनी स्वतःच नेमलेली तक्रार संस्था आहे, पण २०२३ मध्ये तिचा दंड जास्तीत जास्त एक लाख रुपये होता. ऑगस्ट २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच विचारलं, की एवढ्या दंडाने कोणाला धाक बसणार? आणि सरकारच्या हाती छडी दिली तर ती कुठे पडेल याचा भरवसा नाही. दिल्लीत फेब्रुवारी २०२० च्या दंगलीत ५३ माणसं गेली. त्यानंतर मार्चमध्ये दोन मल्याळम चॅनेलांवर ४८ तासांची बंदी घातली गेली. त्यातल्या एका आदेशात, वार्तांकन दिल्ली पोलिसांवर टीका करणारं वाटतं, हेसुद्धा एक कारण होतं. दुसऱ्या दिवशी बंदी उठली, पण संदेश पोचायचा तो पोचला. तेव्हा दुसऱ्या कोणीतरी आपली सोय करून द्यावी, ही आशा मी सोडली आहे.

आता स्वतःची गोष्ट सांगतो. इथपर्यंत वाचलंत म्हणून सांगतो, एरवी सांगण्यासारखी नाही.

१६ एप्रिल २०२० च्या रात्री पालघर जिल्ह्यात गडचिंचले गावी दोन साधू आणि त्यांचा ड्रायव्हर यांना जमावाने ठार मारलं. लॉकडाऊनचे दिवस, चोर आणि मुलं पळवणारे फिरतायत अशा अफवा भागात पसरलेल्या. काही दिवसांनी व्हिडिओ बाहेर आला. पोलिसाचा हात धरून चालणारा तो म्हातारा साधू ज्यांनी पाहिला ते विसरणार नाहीत. मी घरात कोंडलेला, बायको-मुलं भारतात अडकलेली, दिवसभर टीव्ही. टीव्हीवर प्रश्न विचारले जात होते, आणि प्रश्नांचा रोख एकाच दिशेने होता. तेवढ्यात एक तुकडा आला: व्हिडिओत कोणीतरी "शोएब" अशी हाक मारतोय, नीट ऐका. मी ऐकलं. मला अगदी स्पष्ट "शोएब" ऐकू आलं. मी तो तुकडा आमच्या मिरजेच्या शाळेच्या ग्रुपवर टाकला आणि खाली लिहिलं, "आता तरी डोळे उघडा."

त्या ग्रुपमध्ये चाचांचा मुलगा होता. २००९ ला बोळातून दूध घेऊन गेलेला तोच. माझ्या वर्गातला, तिसऱ्या बाकावरचा.

दोन-तीन दिवसांत सगळं उलगडलं. तो आवाज "बस, ओये बस" असा होता, मारणाऱ्यांना थांबवणारा. २२ एप्रिलला गृहमंत्री अनिल देशमुख यांनी सांगितलं, की अटक केलेल्या १०१ जणांत एकही मुसलमान नाही. मारणारे आणि मरणारे यांच्यात धर्माचा वाद नव्हताच, अफवेने पिसाटलेला जमाव होता तो. मी पोस्ट पुसून टाकली. ग्रुपवर कोणी काही बोललं नाही. चाचांचा मुलगा मात्र ग्रुप सोडून गेला होता.

मला फोन करायला तीन आठवडे लागले. रोज ठरवायचो, उद्या करतो. शेवटी केला. तो नेहमीसारखाच बोलला, लॉकडाऊनमध्ये दुकान बंद आहे, भोपळ्यांना कीड लागेल म्हणून काळजी वाटते, वगैरे. मीच म्हटलं, "त्या दिवशीचं जरा..." तो थोडा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "काकू एकट्या होत्या तेव्हा तू टीव्हीला विचारलंस, तेव्हा आम्ही समोरच होतो. आताही समोरच आहोत. विचारायचं होतंस." एवढंच. चिडून नाही म्हणाला. चिडला असता तर मला सोपं गेलं असतं.

तेव्हापासून मी काही सवयी लावून घेतल्या आहेत. उपदेश नाही, पटलं तर घ्या.

१. दंगलीची बातमी दिसली की आधी कागदावर तीन प्रश्न लिहितो: गाव कुठलं, नेमका भाग कुठला, वेळ कुठली. टीव्ही ही तीन उत्तरं देत नसेल तर ती बातमी माझ्यापुरती अजून झालेली नाही.

२. तोच तुकडा तिसऱ्यांदा आला की टीव्ही बंद. तिसऱ्यांदा बघून माहिती वाढत नाही, फक्त रक्तदाब वाढतो.

३. खिडक्यांतली भांडणं बघत नाही. ज्या वार्ताहराच्या पायाखाली त्या गावचा रस्ता आहे त्याचं ऐकतो, मग तो कुठल्याही चॅनेलचा असो.

४. पुढे पाठवायच्या आधी एक रात्र जाऊ देतो. आतापर्यंत असं एकदाही झालं नाही, की मी रात्रभर थांबलो म्हणून देशाचं काही बिघडलं.

५. आणि सगळ्यात महत्त्वाचं, फोन करतो. फक्त आपल्या माणसाला नाही, समोरच्या घरालाही. संचारबंदी दोन्ही घरांना लागते आणि दूध दोन्ही घरांत संपतं.

आई २०१७ ला गेली. मिरजेचं घर अजून आहे, किल्ली चाचांच्या मुलाकडे असते. २०२५ च्या त्या मे महिन्यात, कराचीच्या बातमीच्या दुसऱ्या दिवशी, मी त्याला हे सगळं फोनवर सांगितलं, लिफ्टपाशी काय झालं तेही. तो हसला आणि म्हणाला, "त्या बाईंना सांग, खिडकीत उभ्या राहू नका म्हणावं. काय सांगता येतंय." मी खाली जाऊन भाईजानना निरोप दिला. मिरजेहून कराचीला दुबईमार्गे. त्यांनी तो बहिणीला पोचवला आणि मला चहाला बसवलं. आमचा नियम तसाच आहे, काश्मीरवर आम्ही अजूनही बोलत नाही. पण दोन्हीकडचे टीव्ही बंद ठेवून चहा घेता येतो, एवढं मात्र आम्हाला कळलंय.

तुमचे अनुभव वेगळे असतील. ज्यांच्या घराशी खरोखर आग आली असेल, त्यांना माझं लिहिणं कदाचित गुळमुळीत वाटेल. त्यांनी जरूर लिहावं, मला वाचायचं आहे.

कळावे, लोभ असावा.

एक मिरजकर, मुक्काम दुबई